मँचेस्टरचे १८३० सालचे मालगोदाम: एका रेल्वे इमारतीचे प्रकरण

मँचेस्टर शहरात लिव्हरपूल रोडला लागून रेल्वेचे एक मालगोदाम उभे आहे. लाल विटांचे, आतून सगळा सांगाडा लाकडाचा. लिव्हरपूल अँड मँचेस्टर रेल्वेने ते १८३० साली बांधले. टिकून राहिलेल्या रेल्वे गोदामांत जगातले सर्वांत जुने हेच, आणि इंग्लंडच्या वारसा यादीत त्याला पहिली श्रेणी आहे. मालाच्या कामातून ते १९७५ साली सुटले, म्हणजे १४५ वर्षांनी. पण ज्या पद्धतीने माल हाताळण्यासाठी त्याची आखणी झाली ती पद्धत त्याच्या खूप आधी कालबाह्य झाली होती. तरी इमारत पडली नाही, पाडलीही गेली नाही. दोन्हींची कारणे बऱ्याच अंशी एकाच गोष्टीत सापडतात: वाघिणीच्या, म्हणजे रेल्वेच्या मालडब्याच्या, मापात.

जागा आणि पातळी

मूळ बेतात ही ३१ मैलांची लाइन मँचेस्टरमध्ये शिरणारच नव्हती. इरवेल नदीच्या अलीकडे सॅलफर्डला ती संपायची होती. नदी ओलांडून शहराच्या अंगाला यायचे ठरले आणि त्यासाठी १८२९ साली पार्लमेंटकडून वेगळा कायदा करून घ्यावा लागला. इरवेल ही नावा चालणारी नदी. पुलाखालून नावा जायला हव्यात, म्हणजे पूल उंच हवा. पूल उंच म्हणजे पुढचे रूळही उंच. पुढे वॉटर स्ट्रीटसुद्धा रुळांखालूनच जाते. परिणामी स्टेशनात गाडी येते ती कमानींवर, आणि लिव्हरपूल रोड राहतो एक मजला खाली.

प्रवाशांसाठी ही अडचणच होती. रस्त्यावरून आत शिरायचे, तिकीट घ्यायचे आणि जिना चढून वर गाडीला जायचे. पहिल्या आणि दुसऱ्या वर्गाची तिकीटघरे वेगळी, जिनेही वेगळे. मालासाठी मात्र हीच पातळी सोयीची ठरली. माल वर येतो रुळांवर आणि बैठ्या घोडागाड्यांतून बाहेर पडतो खालच्या आवारातून. मध्ये एका मजल्याचा उतार आयता मिळाला. येणारा माल नुसता खाली सोडायचा; उचलायचा तो फक्त साठ्यासाठी ठेवायचा असला तर.

नमुना कालव्याचा

रेल्वे गोदाम कसे असावे याचा नमुना १८३० साली कुठेच नव्हता. कालव्यावरच्या गोदामांचा मात्र या शहराला चांगला सराव होता. चालत काही मिनिटांवर कॅसलफील्डचा धक्का आहे. तिथले १८२५ सालचे मर्चंट्स वेअरहाउस आजही पाहायला मिळते: भिंतीत दोन मोठ्या कमानी, त्यांतून नाव थेट इमारतीच्या पोटात जाते, वरच्या मजल्यांतल्या झडपांतून दोर खाली येतो आणि माल सरळ वर ओढला जातो. पावसाचा थेंब मालाला लागत नाही, आणि ज्या शहरात पाऊस रोजचाच तिथे कापूस-पीठाच्या व्यापाऱ्याला ही गोष्ट मोलाची.

रेल्वेने हाच नमुना उचलला. नावेच्या जागी वाघीण आणली एवढेच. आराखडा बहुधा लिव्हरपूलच्या थॉमस हेग यांचा, तिथल्या ड्यूक्स डॉकवरच्या गोदामाच्या धर्तीवर. बांधकाम डेव्हिड बेलहाउस धाकटे यांचे. एप्रिल ते सप्टेंबर १८३० अशा साधारण पाच महिन्यांत इमारत उभी राहिली.

पाच महिने हा आकडा सांगाड्याच्या निवडीशी जोडूनच वाचायला हवा. लोखंडी सांगाडा ही त्या वेळी नवलाई राहिली नव्हती. श्रूजबरीजवळची डिदरिंग्टनची लोखंडी सांगाड्याची गिरणी १७९७ सालची. आगीपासून बचाव म्हणून बीडाच्या, म्हणजे ओतीव लोखंडाच्या, तुळया आणि विटांच्या कमानी घालायच्या, हे गिरणीमालकांना ठाऊक होते. पण त्यात पैसा जास्त, ओतकामाची वाट पाहावी लागते, आणि उद्घाटनाची तारीख डोक्यावर. बेलहाउस हे बांधकाम कंत्राटदार तर होतेच, शिवाय घराण्याचा लाकडाचा व्यापार. बाल्टिक पाइनचे सोट त्यांच्या हाताशी. म्हणून खांब, तुळया, तक्तपोशी (मजल्याची फळ्यांची जमीन) सगळे लाकडाचे, आणि बीडाचे खांब फक्त खालच्या मजल्याला, म्हणजे वरच्या रुळांचा आणि भरलेल्या वाघिणींचा भार जिथे पडतो तिथे. आमच्या मते हा निर्णय काटकसरीचा होता तसा समजुतीचाही. ओतीव लोखंड दाबाला पक्के आणि ओढीला कच्चे. त्याचे खांब करणे सुरक्षित, तुळई करताना हिशेब चुकला तर ती न वाकता, न कुरकुरता एकदम तुटते. लाकडाची तुळई आधी झोळ देते, मग आवाज करते, मग मोडते. गोदामात मुकादमाला एवढी सूचना पुरते.

१५ सप्टेंबर १८३० ला लाइनीचे उद्घाटन झाले. वाटेत पार्कसाइडला खासदार विल्यम हस्किसन इंजिनाखाली सापडले आणि दिवसाचा रंग गेला. मँचेस्टरला पोहोचलेल्या पाहुण्यांच्या फराळाची मांडणी याच गोदामात केलेली होती. म्हणजे या इमारतीत पहिल्यांदा आला तो माल नव्हे, ताटे.

पहिली मालगाडी, आकड्यांत

व्यापारी मालाची पहिली गाडी आली ४ डिसेंबर १८३० ला. ‘प्लॅनेट’ इंजिन, मागे १८ वाघिणी. माल असा: अमेरिकन कापसाची १३५ पोती आणि गाठी, पिठाची २०० पिंपे, ओटच्या पिठाची ६३ पोती आणि माल्टची ३४. मालाचे वजन ५१ टनांच्या वर, वाघिणी आणि ताडपत्र्या मिळून २३ टनांच्या वर, त्यात टेंडर (इंजिनामागची कोळसा-पाण्याची गाडी), पाणी, कोळसा आणि गाडीवर बसलेली १५ माणसे धरून इंजिनामागचा भार ८० टन. लिव्हरपूलहून मँचेस्टरला ती तीन तासांच्या आत पोहोचली. (हे टन इंग्रजी, २,२४० पौंडांचे.)

हे आकडे जरा भागून पाहावेत, कारण इमारतीचा आराखडा त्यांतूनच कळतो. साडेएकावन्न टन भागिले १८, म्हणजे वाघिणीमागे जेमतेम २.९ टन माल. रिकामी वाघीण ताडपत्रीसकट १.३ टन. भरलेली वाघीण ४.२ टनांच्या आसपास. सपाट रुळावर तेव्हाच्या धुऱ्यांना टनामागे ८ ते १० पौंड जोर पुरत असे, म्हणजे चालू वाघिणीला ४० पौंडांच्या घरात. जागची हलवायला त्याच्या दुप्पट-तिप्पट. दोन गडी ती ढकलू शकतात, घोड्याला तर ती काहीच नाही.

तुलनेला आपल्याकडची वाघीण घ्या. भारतीय रेल्वेच्या आठ चाकी बॉक्सएन वाघिणीचे भरलेले वजन कैक वर्षे ८१.२८ मेट्रिक टन धरले जाई. हा विचित्र आकडा म्हणजे बरोबर ८० इंग्रजी टन. ‘प्लॅनेट’च्या मागची सगळी गाडी आणि आपली एक वाघीण, वजन तेवढेच.

वाघीण आत कशी जाई

इथे थोडे थांबायला हवे, कारण इमारतीचा जीव यात आहे.

रूळ इमारतीच्या लांबीला समांतर येत आणि वाघीण आत घ्यायची ती आडवी, भिंतीला काटकोनात. म्हणून दारांसमोर रुळांमध्ये छोटी टर्नटेबले बसवलेली होती: खाली उथळ खड्डा, मध्ये खुंटा, कडेला भार घेणारी छोटी चाके, वर रुळाचे तुकडे जडवलेला गोल पाट. गाडी आली की इंजिन सोडायचे. इंजिन गोदामात नेण्याचा प्रश्नच नव्हता. वजन जास्त आणि ठिणगी आली तर कापसाचे कोठार. वाघिणी एकेक सुट्या करायच्या. एक वाघीण पाटावर आणून चाके मध्यावर बसवायची, अडकण काढायची, दोघांनी कोपऱ्याला खांदा लावून पाव फेरा द्यायचा, अडकण पुन्हा घालायची आणि वाघीण दारातून आत ढकलायची. आत रूळ तक्तपोशीच्या पातळीत. दोन्ही अंगांना माल उतरवायचा. लगेच जाणारा माल झडपेतून खालच्या मजल्यावर, घोडागाडीच्या पाठीत. राहणारा माल रहाटाने वर. रिकामी वाघीण आली तशी बाहेर.

बिघडते काय, तेही ठरलेले. खड्ड्यात पाणी, चिखल आणि कोळशाची चुरी साचते, कडेची चाके जाम होतात आणि सगळा भार मधल्या खुंट्यावर येतो. खुंटा झिजला की पाट एका अंगाला झुकतो, पाटावरचा रूळ आणि बाहेरचा रूळ यांत अर्धा इंच उंचवटा राहतो, आणि वाघीण ढकलताना चाक तिथेच उतरते. अडकण नीट बसली नाही तरी तेच. चार टनांची वाघीण पहारीने परत चढवता येते, पण तेवढा वेळ ते दार बंद. एका वाघिणीच्या फिरवाफिरवीला सहा मिनिटे धरली आणि एकाच पाटावरून काम चालले, तर १८ वाघिणींना पावणेदोन तासांहून जास्त लागतात, तेही फक्त आत नेण्याचे. अनेक दारे आणि अनेक पाट ठेवण्याचे कारण हेच.

लिव्हरपूलच्या टोकाला कंपनीने वेगळा मार्ग घेतला होता. तिथे वॉपिंगला बोगद्यातून माल गोदीजवळ उतरे. रूळ गोदामाच्या खालून जात आणि वरच्या झडपांतून माल उचलला जाई. तिथे वाघीण फिरवावी लागत नव्हती, पण सगळा माल उचलावा लागे. मँचेस्टरला उचल वाचली, फिरवणे वाढले. दोन्हींत मँचेस्टरची मांडणी इमारत म्हणून जास्त हुशार, असे आम्हाला वाटते. मात्र ती वाघिणीच्या लांबीला कायमची बांधली गेली. पाट जेवढा, चाकांमधले अंतर तेवढ्याच्या आत. आतल्या खांबांमधले अंतर जेवढे, वाघीण त्याहून लांब नाही.

माल वर चढवण्याचे रहाट सुरुवातीला हातांचे होते. १८३१ मध्येच त्यांना वाफेच्या इंजिनाची जोड मिळाली, पुढे पाण्याच्या दाबावर चालणारी यंत्रे आली. वर्षाच्या आत हाताचे काम सोडावे लागले, यावरूनच मालाचा रेटा लक्षात येतो. त्याच वर्षी शेजारी कापसासाठी आणखी गोदामे उभारावी लागली. ती १८६६ च्या आगीत जळाली. कापसाच्या आगीची खोड अशी की गाठीच्या पोटात धग तासन् तास धुमसत राहते; वरून विझली म्हणून दार उघडावे आणि वारा लागताच ती पुन्हा पेटावी. लाकडी सांगाड्यात अशी आग तक्तपोशीच्या फटींतून आणि रहाटाच्या झडपांतून वर चढते. १८३० चे गोदाम त्या आगीतून सुटले.

प्रवासी गेले, इमारत वाचली

४ मे १८४४ ला प्रवासी गाड्या इथून हलल्या आणि नव्या व्हिक्टोरिया स्टेशनात जाऊ लागल्या. लिव्हरपूल रोड नुसते मालाचे स्टेशन उरले. कंपनीच्या दृष्टीने ही पायउतार, वारशाच्या दृष्टीने सर्वांत भाग्याची घटना. प्रवासी राहिले असते तर १८५० नंतरच्या वाढीत फलाट लांबले असते, लोखंडी छत आले असते आणि १८३० चे काही उरले नसते. लिव्हरपूलच्या क्राउन स्ट्रीटवरूनही प्रवासी १८३६ ला हलले, पण त्याला हे भाग्य लाभले नाही. याच लाइनीचे ते दुसरे टोक, आज तिथे स्टेशनाची इमारत नाही.

मालाची वाढ मात्र जुन्या गोदामाच्या आत झाली नाही, आजूबाजूला झाली. १८५५ ची ट्रान्झिट शेड, १८८० चे ग्रेट वेस्टर्न कंपनीचे गोदाम. ट्रान्झिट शेडची कल्पना सरळ आहे: एका बाजूला रूळ, दुसऱ्या बाजूला रस्त्यावरची गाडी, मध्ये वाघिणीच्या तळाच्या उंचीचा धक्का आणि वर छप्पर. वाघीण वळवायची नाही, इंजिनाने पूर्ण रांग धक्क्याला लावायची. महाराष्ट्रातल्या जुन्या मालधक्क्यांची ठेवण हीच. दगडी किंवा विटांची शेड, साडेतीन फुटांच्या आसपास उंच धक्का, बाहेर झुकलेले छप्पर. अशा धक्क्याला वाघीण दुप्पट लांबीची झाली तरी फरक पडत नाही, फक्त रांगेत थोड्या बसतात. १८३० च्या गोदामाला मात्र फूटभर वाढही सोसण्यासारखी नव्हती.

आणि वाढ झालीच. विसाव्या शतकात ब्रिटनमध्ये सर्वत्र दिसणारी प्रमाण वाघीण १२ टन मालाची, चाकांमधले अंतर ९ फूट, पेटी साडेसोळा फूट. भरून १८ टनांच्या आसपास, म्हणजे पहिल्या वाघिणीच्या चौपटीहून जास्त. गंमत म्हणजे हीसुद्धा जगाच्या मानाने लहानच. ब्रिटिश वाघिणी इतक्या लहान का राहिल्या याला देशभरचे जुने पाट, अरुंद आवार आणि कोळशाचे जुने धक्के हे एक मोठे कारण. जुन्या गोदामांमुळे वाघीण वाढेना आणि वाढली तेवढीही जुन्या गोदामांना झेपेना. इमारत पुढे साठवणुकीच्या कामापुरती उरली. मालक बदलत गेले: १८४५ ला ग्रँड जंक्शन, १८४६ ला लंडन अँड नॉर्थ वेस्टर्न, १९२३ ला लंडन, मिडलँड अँड स्कॉटिश (एलएमएस), १९४८ ला सरकारी ब्रिटिश रेल्वे. प्रत्येकाला साठ्याला जागा हवीच होती आणि पाडून नवे बांधण्याइतकी निकड कुणालाच नव्हती.

आपल्या बाजूने एक धागा याच काळात जोडला जातो. १८६१ ते १८६५ या अमेरिकन यादवीत मँचेस्टरभोवतीच्या लँकेशर परगण्यातल्या गिरण्यांचा अमेरिकन कापूस बंद झाला आणि मुंबईहून लिव्हरपूलला जाणाऱ्या गाठींना सोन्याचे भाव आले. मुंबईच्या बाजारातली खंडी ७८४ पौंडांची, दोन गाठींची. गाठ ३९२ पौंडांची. लिव्हरपूलला उतरलेला कापूस मँचेस्टरकडे नेणाऱ्या वाटांत ही लाइन होती. गोदामवाल्याच्या हिशेबाने ३९२ पौंडांची दाबून बांधलेली गाठ आणि सैल भरलेले पोते यांत फरक मोठा: तेवढ्याच जागेत भार जास्त, आणि तुळयांवर तो एका जागी येतो. म्हणून गाठी भिंतीलगत आणि खांबांभोवती रचायच्या, दोन खांबांच्या मध्यावर थप्पी चढवायची नाही. समान वाटलेल्या भाराने तुळईवर जेवढा ताण येतो, त्याच्या दुप्पट ताण तेवढाच भार मध्यावर एकवटला तर येतो.

बंद झाल्यावर

१९७५ च्या सप्टेंबरात मालाचे काम थांबले. आवाराचा काही भाग त्याआधीच ग्रॅनडा टेलिव्हिजनकडे गेला होता. ‘कोरोनेशन स्ट्रीट’ या टीव्ही मालिकेचा बाहेरचा सेट याच परिसरातल्या जुन्या मालआवारात उभा राहिला. १९७८ ला ब्रिटिश रेल्वेने स्टेशन ग्रेटर मँचेस्टर कौन्सिलला नाममात्र १ पौंडाला दिले. १ पौंड ऐकायला छान, पण हा सौदा नुकसान हातून हातात देण्याचा होता. छप्पर गळते, पन्हळी तुटलेल्या, लाकूड भिजलेले. पुढचा सगळा खर्च घेणाऱ्याचा. १९८० मध्ये लाइनीच्या १५०व्या वर्षी इथे मोठे रेल्वे प्रदर्शन भरले, आणि १५ सप्टेंबर १९८३ ला संग्रहालय सुरू झाले. ते २०१२ पासून लंडनच्या सायन्स म्युझियमच्या गटात आहे.

अशा इमारतीच्या दुरुस्तीत पहिला पैसा छप्पर आणि पन्हळीवर घालावा लागतो, बाकी सगळे नंतर. लाकडी तुळई मध्यात क्वचितच सडते. ती सडते टोकाला, विटांच्या खोबणीत, जिथे भिंतीतून आलेला ओलावा आडव्या टोकाने शोषला जातो आणि हवा खेळत नाही. वरून रंग शाबूत असतो, म्हणून डोळ्यांनी कळत नाही. हातोडीने ठोकून पाहायचे: निरोगी लाकूड खणखणते, सडलेले बद्द वाजते. मग बारीक ड्रिलने भोक पाडून किती इंच आत सड आहे ते मोजायचे. सड फूट-दीड फुटापर्यंत असेल तर टोक कापून त्याच जातीचे जुने लाकूड तिरप्या सांध्याने जोडता येते, दोन्ही अंगांना पोलादी पट्ट्या आणि आरपार बोल्ट. खोबण पुन्हा बंद करताना भोवती अर्धा-एक इंच मोकळी जागा ठेवायची. विटांमधल्या जुन्या चुन्याच्या सांध्यांत सिमेंट भरले की भिंतीतला ओलावा बाहेर पडायचा थांबतो आणि नवे टोकही सडू लागते. ही चूक आपल्याकडच्या जुन्या स्टेशनांवर सर्रास दिसते.

दुसरा लाकडाचा नाजूक भाग खांबाच्या माथ्यावर. उभे लाकूड रेषांच्या दिशेने भार सहज घेते, आडवी तुळई मात्र खांबाखाली चिरडते, कारण तिच्या रेषा आडव्या आहेत. मजल्यावर मजला चढला की हे चिरडणे वाढते आणि मजले खांबापाशी खचलेले दिसतात. सडल्याची शंका घेण्याआधी हे तपासावे.

गोदामाचे संग्रहालय करताना तक्तपोशीची ताकद हा सहसा प्रश्न नसतो. गाठींच्या थप्प्या पेलणाऱ्या मजल्याला माणसांची गर्दी जड नाही. अडतात ती माणसांची कामे. जिने कमी आणि अरुंद, खिडक्या लहान, माथा बुटका, आणि रहाटांच्या झडपा प्रत्येक मजल्याला आरपार. झडप बंद करावी तर इमारत काय होती ते कळत नाही, उघडी ठेवावी तर धूर वर चढतो. सहसा तोडगा निघतो तो काही झडपा जाड आगरोधक काचेने किंवा फळ्यांनी बुजवून एखाददुसरी दिसती ठेवण्याचा. बाहेरच्या भिंतीवरच्या खाणाखुणाही पुसू नयेत. दाराच्या बाजूच्या विटांत गाडीच्या धुऱ्याने पाडलेली खाच, नंतर बुजवलेल्या दाराची उभी सरळ सांध, दोराने घासलेला दगडी उंबरा. रहाटाची कुठली रांग जास्त वापरात होती ते या झिजेवरूनच ठरवता येते.

शेवटचा मोठा बदल २०१७ चा. मँचेस्टरची स्टेशने जोडणारा ऑर्डसॉल कॉर्ड हा नवा वळसा त्या वर्षी सुरू झाला. त्याच्या बांधकामात जुन्या स्टेशनाचा मुख्य लाइनीशी असलेला रुळांचा सांधा तुटला. इंजिनिअरांच्या संस्थेचे माजी अध्यक्ष मार्क व्हिटबी यांनी त्याविरुद्ध कोर्टात दाद मागितली, अपिलातही ते हरले. रोजच्या गाड्यांचा खोळंबा आणि पहिल्या श्रेणीचा वारसा यांच्या वजनात कोर्टाने गाड्यांकडे कल दिला, आणि शहराच्या गरजा पाहता तो समजण्यासारखा आहे. मात्र लिव्हरपूलहून रुळांवरून निघून या गोदामाच्या दारापर्यंत येणे १८३० पासून शक्य होते, ते आता नाही.